मिलिमीटर

पारबता मारबतेचा तळहात फाटला
शिंगाड्याच्या काट्याने, कार्तिकात,
ती कमरेएवढ्या पाण्यात उभी असताना.
काटा केवढा? तिने करंगळीचं नख दाखवलं.
रक्त तळ्यात गेलं, शिंगाडे टोपल्यात.
दुसऱ्या दिवशी बाजार होता.

हात भाकरीसारखा फुगला तेव्हा
पानठेल्याशेजारच्या डॉक्टरने
लाल-पिवळ्या कॅप्सूल दिल्या.
दोन घेतल्या, उतरलं.
उरलेल्या हळदीच्या डब्यात:
एक लेकाच्या सर्दीला,
एक फोडून कोंबड्यांच्या पाण्यात.
मग पुन्हा चढलं, पुन्हा दोन.
असं तीनदा.

मी साकोलीच्या दवाखान्यात बसते,
पूर्वी जिथे फाटक्या गाद्या ठेवत त्या खोलीत.
आता तिथे सदतीस अंशांची एक पेटी आहे,
वीज गेली की जनरेटर,
जनरेटरला डिझेल, डिझेलला साहेबांची सही.
तिचा पू मी बोळ्यावर घेतला,
मेंढीच्या रक्ताच्या थाळीवर
रांगोळीच्या हलक्या हाताने रेघा ओढल्या
आणि पेटीचं दार लावून घरी गेले.

सकाळी सोनं उगवलं होतं.
गोल, तुकतुकीत, पिवळे ठिपके.
या जंतूच्या नावातच सोनं आहे
हे शिपाई देवाजीला सांगितलं तर म्हणाला,
"बाई, मंग तं चोर बी येतीन."

दुसऱ्या थाळीवर औषधांच्या टिकल्या.
औषध चालत असेल तर टिकलीभोवती
जंतू मागे सरतात, मोकळं कडं पडतं,
आणि मी शाळकरी पट्टी लावून ते मोजते.
पेनिसिलिन: कडंच नाही,
पायरीला शेवाळ, तसे टिकलीला बिलगलेले.
सेफॉक्सिटिन: सोळा. बावीस हवे होते.
सहा मिलिमीटर.
तांदळाच्या एका दाण्याएवढं अंतर.
लिनेझोलिड: अठ्ठावीस. इथे मी श्वास सोडला.
व्हँकोमायसिनची टिकली या जंतूसमोर खोटं बोलते,
म्हणून तो नमुना एसटीने नागपूरला,
कंडक्टरच्या सीटखाली.

डॉक्टरांनी गळू कापलं, आत वात भरली.
नागपूरचा होकार फोनवर आला.
मग सलाईन, थेंब थेंब, सकाळ-संध्याकाळ, तासभर.
घाई केली तर औषध अंगावर येतं,
मान, चेहरा, छाती गुलाल उधळल्यासारखी लाल.
कुमुद सिस्टर चाकाशी बोट ठेवून उभी.
पारबता थेंबांकडे बघत म्हणाली,
"एवढ्यात मी अर्धा तलाव तोडला असता."

त्याच आठवड्यात वॉर्डातल्या सगळ्यांची नाकं तपासली.
थाळ्यांवर नुसते नंबर, नावं वेगळ्या वहीत.
चार नंबरच्या थाळीत सोनं.
पट्टी लावली. सोळा.
पुन्हा लावली.
वही उघडली, तर चार नंबरसमोर
माझं नाव, माझ्याच अक्षरात.

ताप नाही, फोड नाही, काही नाही.
किती दिवस मी त्याला घेऊन फिरले,
भाच्याचे मुके घेतले,
पारबताचा हात हातात धरून बोळा फिरवला.
तिच्याकडून मला आलं की कुणाकडून कुणाला,
ते थाळी सांगत नाही.
पाच दिवस, दोन वेळा, नाकपुड्यांत मलम.
तिसऱ्या दिवशी वाटलं, आता पुरे झालं.

सुट्टीनंतर गोळ्या लिहून दिल्या होत्या.
ती परत आली ती पाकीट घेऊनच.
तळहातावर गुलाबी कातडी,
आणि पाकिटात दोन बाकी.
"बरा झाला हात. ह्या दोन गोऱ्या ठेवतो मी,
पोट्ट्याच्या कामी येतीन."

एरवी मी ओरडले असते.
माझ्याकडे त्यासाठी एक ठरलेला आवाज आहे.
तो आला नाही.
मी पर्समधून मलमाची नळी काढली,
खालून गुंडाळत आणलेली, अजून अर्धी.
"माझेही दोन दिवस राहिलेत," म्हटलं.
ती नळीकडे बघत राहिली, मग माझ्या नाकाकडे,
मग हसली, पदर तोंडाला लावून.
मी पेल्यात पाणी आणलं.
एक तिथेच गिळली. दुसरी रात्रीची.
ती घेतली की नाही, मला कळणार नाही.

जाताना तिने खिडकीत कागदाची पुडी ठेवली,
उकडलेले शिंगाडे,
प्रत्येकाचे काटे मोडलेले.